गाणे कोणाचे, पैसे कोणाचे?

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

२००८ साली तयार झालेला 'स्लमडॉग मिलियनेअर' आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. मुंबईच्या झोपडपट्टीत वाढलेला जमाल प्रश्नमंजूषेच्या खुर्चीत बसला आहे. त्याला प्रश्न येतो: घनश्यामाच्या दर्शनाची विनवणी करणारे एक भजन कोणत्या कवीने लिहिले? जमालला ते भजन चांगलेच आठवते. मुलांना भीक मागायला लावणाऱ्या टोळीच्या अड्ड्यावर त्याने ते ऐकलेले असते. तो 'सूरदास' म्हणतो, उत्तर बरोबर ठरते आणि त्याच्या नावावर आणखी रक्कम जमा होते.

उत्तर चूक होते. हे भजन सूरदासांचे नाही. ते १९५७ सालच्या 'नरसी भगत' या हिंदी चित्रपटासाठी गोपाल सिंह नेपाली या कवीने लिहिले होते. नेपाली मूळचे बिहारमधल्या बेतियाचे. ते कविसंमेलने गाजवत, मुंबईत येऊन त्यांनी चित्रपटांसाठी गीते लिहिली आणि १९६३ साली ते गेले. 'स्लमडॉग'ला आठ ऑस्कर मिळाले, जगभर त्याची चर्चा झाली, तेव्हा नेपालींच्या वारसांनी मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली.

आपल्याकडे याचे एक मराठी भावंड आहे. 'प्रभात'च्या 'संत तुकाराम' (१९३६) या चित्रपटात विष्णुपंत पागनीस एक अभंग गातात. बीज, अंकुर आणि वृक्ष यांचा त्यात दृष्टान्त आहे. तो तुकोबांचाच असे समजून कितीतरी भाविकांनी गाथेची पाने उलटली. तो सापडणार नाही, कारण तो शांताराम आठवले यांनी चित्रपटासाठी रचला आणि केशवराव भोळे यांनी त्याला चाल दिली. गीतकाराला यापेक्षा मोठी दाद कोणती, असे आपण म्हणतो आणि ते खरेही आहे. पण दाद जितकी मोठी तितका गीतकार नाहीसा, हेही तितकेच खरे. नाव नाहीसे झाले की नावामागून येणारे पैसेही नाहीसे होतात. आज मला या पैशांविषयी बोलायचे आहे. पडद्यावर गाणे वाजते तेव्हा गीतकार, संगीतकार आणि प्रकाशक यांना काय मिळते, आणि आपल्या देशात गीतकार-संगीतकारांना ते इतकी वर्षे का मिळाले नाही?

आधी एक साधी गोष्ट समजून घेऊ. आपण ज्याला एक गाणे म्हणतो त्यात कायद्याच्या दृष्टीने तीन वस्तू असतात. शब्द ही एक, चाल ही दुसरी आणि त्या दोन्हींचे ध्वनिमुद्रण ही तिसरी. उद्या एखाद्या निर्मात्याला नव्या चित्रपटात, मालिकेत किंवा जाहिरातीत जुने गाणे वापरायचे असेल, तर त्याला ध्वनिमुद्रणाच्या मालकाची परवानगी लागते आणि शब्द-चालीच्या मालकाची वेगळी परवानगी लागते. दुसऱ्या परवानगीला व्यवसायात 'सिंक्रोनायझेशन' किंवा नुसते 'सिंक' म्हणतात, म्हणजे चित्राशी स्वर जुळवण्याची परवानगी. तिचे पैसे एकदाच, ठरवून मिळतात. त्यानंतर तो चित्रपट किंवा मालिका जितक्या वेळा दूरचित्रवाणीवर दाखवली जाईल, तितक्या वेळा शब्द-चालीच्या कर्त्याला सादरीकरणाचे पैसे मिळतात. ही रॉयल्टी. पहिली रक्कम ठोक आणि दुसरी थेंबाथेंबाने. म्हातारपणी उपयोगी पडते ती थेंबांची.

थेंबांची ही कल्पना कोठून आली, याची गोष्ट मोठी गमतीची आहे. १८४७ साली पॅरिसच्या एका बागेतल्या कॅफेत एर्नेस्त बुर्जे नावाचा गीतकार दोन संगीतकार मित्रांबरोबर बसला होता. समोरच्या मंचावर त्यांचीच गाणी चालू होती. बिल आले तेव्हा बुर्जेने पैसे द्यायला नकार दिला. तुम्ही आमच्या गाण्यांवर गिऱ्हाईक जमवता आणि आम्हाला काही देत नाही, मग आम्ही तरी तुमच्या साखरपाण्याचे का द्यावे, असा त्याचा सवाल होता. प्रकरण न्यायालयात गेले आणि निकाल बुर्जेच्या बाजूने लागला. त्यातून १८५१ साली फ्रान्समध्ये गीतकार, संगीतकार आणि संगीत-प्रकाशक यांची 'सासेम' ही संस्था उभी राहिली. एकट्या कवीला गावोगावच्या कॅफेंत जाऊन वसुली करणे शक्य नाही, म्हणून सर्वांनी मिळून वसुली करायची आणि हिशेबाने वाटून घ्यायची. इंग्लंड आणि अमेरिकेत अशा संस्था १९१४ साली निघाल्या.

प्रकाशक हा शब्द येथे आला. आपल्याला प्रकाशक म्हणजे पुस्तके छापणारा एवढेच माहीत. पाश्चात्त्य देशांत रेकॉर्ड येण्याच्या आधीपासून गाण्याची स्वरलिपी छापून विकणारे व्यापारी होते. घरोघरी पियानो, त्यामुळे छापील गाण्यांना भरपूर खप. रेकॉर्ड आली, मूकपट आले, तसा छपाईचा धंदा मागे पडला. पण प्रकाशक गाण्याच्या हक्कांचा कारभारी म्हणून टिकला. गाणे कोठे वापरले जाते यावर नजर ठेवायची, परवाने द्यायचे, पैसे गोळा करायचे आणि सर्वसाधारणपणे निम्मे आपण ठेवून निम्मे कर्त्याला द्यायचे, हे त्याचे काम.

१९२७ साली 'द जाझ सिंगर'ने पडद्याला कंठ दिला. तोवर मूकपटाच्या थिएटरात पियानोवाला बसत असे आणि थिएटरमालक संगीताचा परवाना घेत असे. आता गाणेच फितीवर मुद्रित झाले. या नव्या मुद्रणासाठी नवी परवानगी हवी, असा आग्रह अमेरिकेतल्या प्रकाशकांनी धरला. तोच आज आपण म्हणतो तो सिंक परवाना. चित्रपट कंपन्याही काही कमी चतुर नव्हत्या. दर वेळी परवानगी मागण्यापेक्षा प्रकाशकच विकत घेतलेला बरा, असा विचार करून वॉर्नर ब्रदर्सने १९२९च्या सुमारास न्यूयॉर्कच्या जुन्या-जाणत्या प्रकाशन पेढ्या ताब्यात घेतल्या. पुढे १९४८च्या एका न्यायालयीन निकालानंतर अमेरिकेतल्या चित्रपटगृहांना संगीताचे वेगळे पैसे द्यावे लागेनासे झाले. युरोपात मात्र तिकीटविक्रीतला लहानसा हिस्सा आजही संगीतकर्त्यांच्या संस्थेकडे जातो. दूरचित्रवाणीचे पैसे तर दोन्हीकडे मिळतात.

हे पैसे वाटायचे कसे? त्यासाठी एक कागद लागतो, त्याला 'क्यू शीट' म्हणतात. चित्रपटात कोणते गाणे कितव्या मिनिटाला, किती सेकंद वाजले, पात्र स्वतः गात होते की मागे नुसते वाजत होते, शब्द कोणाचे, चाल कोणाची, प्रकाशक कोण, हे सगळे त्यात भरायचे. दिसायला किराणामालाच्या यादीसारखा कागद, पण त्यात नाव चुकले की पैसे चुकले. सूरदासांचे नाव पडले, तर सूरदास काही पैसे घ्यायला येणार नाहीत.

आता आपल्याकडे येऊ.

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात 'आलम आरा' झळकला. भारताचा हा पहिला बोलपट, आणि तो बोलला त्यापेक्षा अधिक गायला. त्यात सात गाणी होती. पुढच्याच वर्षी 'प्रभात'चा 'अयोध्येचा राजा' आला, गोविंदराव टेंबे यांच्या संगीताने नटलेला. आपला प्रवास येथूनच वेगळा झाला. तिकडे गाणे आधी जन्मत असे आणि मग पडद्यावर जात असे. आपल्याकडे गाणे पडद्यासाठीच जन्मू लागले. चित्रपटाबाहेरची भावगीते, नाट्यपदे होतीच, पण बाजारात दबदबा चित्रगीताचा. घरोघरी पियानो नव्हते, स्वरलिपी विकत घेणारे नव्हते, म्हणून गाण्यांचा प्रकाशक नावाचा प्राणीही नव्हता. ती जागा आधी निर्मात्याने आणि नंतर रेकॉर्ड कंपनीने घेतली.

स्टुडिओंच्या जमान्यात, म्हणजे 'प्रभात', 'न्यू थिएटर्स' यांच्या काळात, याचे कोणाला फारसे वाईट वाटले नसावे. कवी, संगीतकार, नट आणि सुतार सगळेच महिन्याच्या पगारावर. पोट भरत होते, मान होता. दुसऱ्या महायुद्धानंतर स्टुडिओ मोडकळीस आले आणि कलावंत मोकळे झाले. म्हणजे पगार गेला, पण पगाराच्या बदल्यात हक्क सोडण्याची पद्धत तशीच राहिली. गीतकाराने गाणे द्यायचे, ठरलेली रक्कम घ्यायची, कागदावर सही करायची आणि पुढच्या निर्मात्याकडे जायचे. रेकॉर्ड कंपनी विकल्या गेलेल्या तबकड्यांवर रॉयल्टी देई ती निर्मात्याला. निर्माता त्यातला काही भाग एखाद्या वजनदार संगीतकाराला देई. गीतकाराचा नंबर शेवटी, लागलाच तर.

याच काळातला नभोवाणीचा एक प्रसंग येथे सांगण्यासारखा आहे. १९५२ साली बाळकृष्ण विश्वनाथ केसकर हे नभोवाणी मंत्री झाले. शास्त्रीय संगीताचे चाहते, चित्रपटसंगीताविषयी त्यांना नावड. चित्रपटाचे नाव सांगणे म्हणजे त्याची फुकट जाहिरात, म्हणून ते सांगायचे नाही, फक्त गायकाचे नाव सांगायचे, असे आकाशवाणीने ठरवले. निर्माते चिडले आणि त्यांनी गाणी वाजवण्याची परवानगीच काढून घेतली. थोड्याच काळात आकाशवाणीवरून चित्रगीते नाहीशी झाली, श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले आणि अमीन सायानींच्या 'बिनाका गीतमाला'चे युग सुरू झाले. १९५७ साली 'विविध भारती' आली तेव्हा गाणी घरी परतली. हा इतिहास आपण केसकरांची कडक शिस्त म्हणून चवीने सांगतो. पण त्यात एक गोष्ट नजरेतून सुटते. परवानगी देणारे आणि काढून घेणारे होते निर्माते. ज्यांनी ती गाणी लिहिली आणि रचली, त्यांना कोणी विचारलेसुद्धा नाही. साहिर लुधियानवी यांनी पुढे आकाशवाणीकडे गीतकाराचेही नाव सांगण्याचा आग्रह धरला असे सांगितले जाते. साहिरसारख्याला नावासाठी भांडावे लागत होते, मग पैशांची गोष्ट दूरच.

गायकांमध्येही हा प्रश्न धुमसत होता. १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला लता मंगेशकर यांनी गायकांना रॉयल्टी मिळावी अशी भूमिका घेतली. महंमद रफी यांचे म्हणणे असे, की गाण्याचे ठरलेले मानधन मिळाले म्हणजे व्यवहार संपला. दोघांनी काही वर्षे एकमेकांबरोबर गाणे सोडले. रफींचा दिलदारपणा मला नेहमीच आदरणीय वाटत आला आहे. पण या वादात बरोबर कोण होते, हे पुढच्या साठ वर्षांनी दाखवून दिले.

स्वतंत्र भारताचा कॉपीराइट कायदा १९५७ साली झाला आणि जानेवारी १९५८पासून लागू झाला. त्यातल्या दोन तरतुदींनी आमच्या गीतकार-संगीतकारांचे नशीब ठरवले. कलम १७ सांगत होते, की मोबदला देऊन एखाद्याच्या सांगण्यावरून चित्रपट तयार झाला, किंवा नोकरीत असताना कलाकृती घडली, तर वेगळा करार नसल्यास पहिला मालक काम करवून घेणारा. दुसरी तरतूद याहून विचित्र होती. संगीतकृती म्हणजे काय, याच्या व्याख्येत ती लिहिलेली किंवा छापलेली असली पाहिजे, अशी अट होती. आता आपल्याकडे चाल होते कशी? संगीतकार पेटी पुढ्यात ओढतो, गुणगुणतो, सहायक स्वर टिपून घेतो किंवा तोही टिपत नाही, वादक कानाने उचलतात. इंग्रजी कायद्याच्या साच्यातून उचललेल्या या व्याख्येपुढे आमच्या कितीतरी चाली जणू अस्तित्वातच नव्हत्या! ही अट १९९४च्या दुरुस्तीने गेली. तोवर सुवर्णयुग म्हणतात ते होऊन गेले होते.

१९६९ साली 'इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी', म्हणजे आयपीआरएस, स्थापन झाली. बुर्जेच्या साखरपाण्याची ही भारतीय आवृत्ती. संस्थेने त्याच वर्षी दरपत्रक जाहीर केले. आमच्या सभासदांचे संगीत सार्वजनिक ठिकाणी वाजवायचे, चित्रपटगृहात चित्रपटातून वाजवायचे, तर इतके इतके शुल्क द्या. निर्मात्यांच्या आणि चित्रपटगृहवाल्यांच्या संघटनांनी ताबडतोब हरकत घेतली. त्यांचे म्हणणे, गाणी आम्ही पैसे देऊन करून घेतली, ती आमची, यांचा संबंध काय? कॉपीराइट बोर्डाने संस्थेच्या बाजूने कौल दिला. कलकत्ता उच्च न्यायालयाने १९७४ साली तो फिरवला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि तेथे निकाल लागला १४ मार्च १९७७ रोजी. 'आलम आरा' झळकला त्या दिवसाला बरोबर ४६ वर्षे झाली होती. योगायोगच, पण गीतकारांना तो झोंबावा असा.

मुख्य निकालपत्र न्या. जसवंत सिंग यांचे. त्याचा मथितार्थ असा: निर्मात्याने मोबदला देऊन संगीतकाराकडून गाणी करून घेतली आणि करारात उलट काही लिहिलेले नसेल, तर निर्माताच त्यांचा पहिला मालक. चित्रपट पूर्ण झाला की तो लोकांना दाखवताना आणि ऐकवताना त्याला पुन्हा कोणाला विचारायला नको. संगीतकाराला आपली रचना चित्रपटाखेरीज अन्यत्र, मैफलीत वगैरे, सादर करता येईल.

पण याच निकालाला न्या. व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनी एक पुस्ती जोडली आणि तिचे नावच त्यांनी 'तळटीप' असे ठेवले. निकालाशी ते सहमत होते, मात्र त्यांचे मन स्वस्थ नव्हते. चित्रपट म्हणजे अनेक कलांचा मिलाफ, त्या मिलाफावर निर्मात्याचा हक्क हे मान्य. पण त्यातले संगीत वेगळे काढून स्वतंत्रपणे वाजवले, तर संगीतकाराच्या हक्कावर पाऊल पडते, असे त्यांनी सुचवले. आपल्या देशात तर गाणाऱ्याच्या गळ्यातूनच संगीत जन्मते, त्या गायकाला कायद्यात स्थान नसावे हे त्यांना भारतीय परंपरेशी विसंगत वाटले आणि संसदेने याचा विचार करावा, असे त्यांनी नमूद केले. रेकॉर्ड कंपन्यांनी आणि निर्मात्यांनी मुख्य निकाल लक्षात ठेवला. तळटीप संगीतकारांनी उराशी बाळगली. संसदेला तळटीप वाचायला ३५ वर्षे लागली.

ही ३५ वर्षे साधीसुधी नव्हती. १९७२ साली मुंबई दूरदर्शन सुरू झाले होते आणि 'छायागीत'च्या वेळी रस्ते ओस पडत. मग कॅसेट आली, केबल आली, चोवीस तास गाणी दाखवणाऱ्या वाहिन्या आल्या, खासगी एफएम आले, मोबाइलच्या रिंगटोन आल्या. जुने गाणे म्हणजे दुभती गाय झाली. एकच चाल साबणाच्या जाहिरातीत, मालिकेच्या शीर्षकाला, नव्या चित्रपटात रिमिक्स होऊन, विमानात आणि लिफ्टमध्येही. प्रत्येक वापराचे पैसे कोणी तरी घेत होते. १९५५ साली सही केलेल्या कवीला रिंगटोन म्हणजे काय हे स्वप्नातही सुचणे शक्य नव्हते, पण त्याच्या सहीने तेही विकले गेले होते. आणि निर्माते हक्क रेकॉर्ड कंपनीला देत असल्यामुळे ध्वनिमुद्रण, शब्द आणि चाल या तिन्ही वस्तू एकाच कपाटात जाऊन पडल्या. जुने गाणे पडद्यावर वापरायला परवानगी मागणारा त्या एका कपाटापाशीच जाई. पाश्चात्त्य देशांत सिंक परवाना देताना प्रकाशकाला निदान लेखकाचा हिशेब ठेवावा लागतो. आपल्याकडे लेखकाला कळतही नसे. तो संध्याकाळी दूरचित्रवाणी लावी आणि स्वतःचे गाणे कोठल्या तरी मालिकेत ऐके.

नव्या शतकातली करारपत्रे तर वाचण्यासारखी. आज ज्ञात असलेल्या आणि भविष्यात शोध लागेल अशा सर्व माध्यमांत, संपूर्ण विश्वात, कायमचे हक्क. पृथ्वी पुरेशी वाटली नाही! ए. आर. रहमान यांच्यासारखा एखादाच असा, की जो हक्कांच्या अटींसाठी मोठा चित्रपट सोडू शकत होता. नवा गीतकार सही करत नसेल तर बाहेर दहाजण उभे. वाटाघाटीत दोन्ही बाजू समान असतात असे गृहीत धरणारा कायदा पुस्तकात शोभतो, अंधेरीच्या कचेरीत नाही.

एप्रिल २०१० मध्ये कॉपीराइट दुरुस्ती विधेयक राज्यसभेत आले. त्याच वर्षी जावेद अख्तर राज्यसभेवर नामनियुक्त झाले होते. या विधेयकामागे त्यांनी आपली सारी ताकद लावली. निर्मात्यांचा विरोध मोठा होता. त्यांची बाजू अगदीच पोकळ होती असे मी म्हणणार नाही. चित्रपट पडला तर निर्माता बुडतो, गीतकार आपले मानधन परत करत नाही. जोखीम ज्याची नफा त्याचा, हा व्यापाराचा जुना न्याय आहे. पण चित्रपट पडून गाणी अमर झाल्याची उदाहरणे आपल्याकडे शेकड्यांनी सापडतील. तेथे चित्रपटाने गाण्याला तारले की गाण्याने चित्रपटाला, हे विचारले पाहिजे. मे २०१२ मध्ये दोन्ही सभागृहांनी विधेयक मंजूर केले आणि २१ जून २०१२पासून ते अमलात आले.

दुरुस्तीचे मर्म एका वाक्यात सांगता येते: हक्क विकता येतील, पण रॉयल्टीचा वाटा विकता येणार नाही. गीतकार आणि संगीतकार यांनी हक्क लिहून दिले, तरी चित्रपटगृहातल्या प्रदर्शनाखेरीज इतर प्रत्येक वापरात त्यांचा वाटा हक्क घेणाऱ्याच्या बरोबरीचा. हा वाटा फक्त वारसांना किंवा वसुली करणाऱ्या संस्थेला देता येतो. इतर कोणाला दिला तर तो करारच निरर्थक. म्हणजे कवीला त्याच्या स्वतःच्या सहीपासून वाचवणारा हा कायदा आहे. कोणाला हे पालकत्व वाटेल. मला ते गरजेचे वाटते. चित्रपटगृहाचा अपवाद मात्र तसाच राहिला. ज्या पडद्यासाठी गाणे जन्मले, त्या पडद्यावर गीतकाराला वेगळा पैसा नाही. तोच चित्रपट दूरचित्रवाणीवर किंवा मोबाइलवर आला की वाटा सुरू. गायकांनाही याच दुरुस्तीने रॉयल्टीचा हक्क दिला.

कायदा झाला म्हणून पैसे लगेच हाती आले असे नाही. आयपीआरएसमध्येच लेखक आणि कंपन्या यांच्यात वर्षानुवर्षे तंटे चालले. नव्या कायद्यानुसार संस्थेची नोंदणी झाली ती नोव्हेंबर २०१७ मध्ये. त्यानंतर कारभारात लेखक आणि मालक यांना समान जागा मिळाल्या. एफएम वाहिन्यांचे म्हणणे होते, की ध्वनिमुद्रणाचे पैसे दिले की शब्द-चालीचे वेगळे देण्याची गरज नाही. त्यावर मुंबई उच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये अंतरिम आदेश देऊन २०१२च्या दुरुस्तीने चित्र बदलले आहे, शब्द-चालीचेही द्यावे लागतील, असा लेखकांच्या बाजूने कौल दिला. कृष्ण अय्यरांची तळटीप अशी हळूहळू पानाच्या वरच्या भागात सरकते आहे.

आता आपल्या घरातल्या गोष्टीकडे वळतो. महाराष्ट्रात अशी पुष्कळ घरे आहेत, जेथे आजोबांनी किंवा वडिलांनी एकेकाळी चित्रपटांसाठी चार-दोन गाणी लिहिली, चाली दिल्या. घरात त्याचे एक कात्रण आणि एक फुटकी तबकडी असते. गाण्यांची यादी नसते, करार नसतो. वसुली करणारी संस्था नाव ओळखते ते नोंदलेले नाव. एकाच कवीचे नाव एका तबकडीवर आडनावाने, दुसरीवर आद्याक्षरांनी, तिसरीवर टोपणनावाने असेल, तर तीन वेगवेगळी माणसे धरली जातात. लोकगीत किंवा पारंपरिक अशी नोंद पडली तर विचारूच नका. गाणे लोकांचे झाले असे आपण कौतुकाने म्हणतो, तेव्हा हिशेबाच्या वहीत त्याचा अर्थ बेवारस असा होतो. वारसांनी चित्रपटाचे नाव, वर्ष, श्रेयनामावलीचे छायाचित्र, तबकडीवरचा मजकूर असे जमेल तेवढे गोळा करून नोंद करावी. जुन्या करारांपुढे नवा कायदा किती टिकतो, हे वकिलाला विचारावे लागेल. पण नावाचा हक्क, कर्ता म्हणून ओळखले जाण्याचा हक्क, करार काहीही असला तरी कलम ५७ प्रमाणे लेखकाकडेच राहतो. नेपालींच्या भजनावर सूरदासांचे नाव लागणे हा प्रश्न म्हणूनच केवळ पैशांचा नव्हता.

आणि घाई करावी, कारण मुदत असते. आपल्या कायद्यात शब्द आणि चाल यांवरचा हक्क कर्त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे चालतो. पूर्वी ती पन्नास होती. रवींद्रनाथांच्या साहित्याची मुदत संपत आली म्हणून १९९२ साली ती साठ केली गेली. वर्ष मोजायचे ते मृत्यूनंतरच्या जानेवारीपासून. ग. दि. माडगूळकर गेले १४ डिसेंबर १९७७ रोजी, सर्वोच्च न्यायालयाचा तो निकाल लागला त्याच वर्षी. त्यांच्या शब्दांवरचा हक्क २०३७च्या अखेरपर्यंत. शैलेंद्र गेले तेही १४ डिसेंबरलाच, पण १९६६ साली. त्यांची मुदत ३१ डिसेंबर २०२६. गोपाल सिंह नेपालींची ३१ डिसेंबर २०२३ रोजी संपली.